आधी पडलेलं चर्च पाहा

येरेवानहून पश्चिमेकडे जाणारा रस्ता वीसेक किलोमीटरवर वाघार्शापात या गावी पोचतो. आर्मेनियन चर्चचं मुख्य पीठ याच गावात आहे, आणि या छोट्याशा पट्ट्यात देशातली चार महत्त्वाची प्राचीन स्थळं सापडतात: संत ह्रिप्सिमेचं चर्च, संत गायानेचं चर्च, एचमियाद्झिनचं कॅथेड्रल आणि झ्वार्तनोत्सचे अवशेष. युनेस्कोने २००० साली त्यांना एकत्रच जागतिक वारशाच्या यादीत घेतलं. येरेवानमधले टूरवाले गाइडसह अर्ध्या दिवसात ही सगळी ठिकाणं दाखवून आणतात. बऱ्याच सहलींत गाडी थेट वाघार्शापातला जाते, आधी उभी चर्चं दाखवली जातात आणि परतताना, ऊन डोक्यावर आलेलं असताना आणि पोटात कावळे ओरडत असताना, झ्वार्तनोत्सला अर्धा तास मिळतो. माझं म्हणणं असं की हा क्रम उलटा हवा. जे चर्च पडलं ते आधी पाहावं, जे उभं राहिलं ते नंतर, आणि ज्याच्यावर सर्वांत जास्त हात फिरले ते एचमियाद्झिन सगळ्यात शेवटी. झ्वार्तनोत्स वाटेवरच आहे, त्यामुळे असं करायला वेगळा खर्च नाही. फरक पडतो तो समजुतीत. आर्मेनियन वास्तुकला ही एका अवघड प्रश्नाची उत्तरं शोधत वाढली आहे: भूकंपाच्या प्रदेशात चौकोनी भिंतींवर गोल घुमट कसा टिकवायचा? हा प्रश्न उभ्या चर्चमध्ये शिरून कळत नाही, कारण तिथे तो सुटलेला असतो.

‘किती जुनं?’ हा पर्यटकाचा पहिला प्रश्न, आणि गाइडकडे त्याचं उत्तर तयार असतं: इसवी सन ३०१. परंपरेनुसार त्या वर्षी राजा तिसरा त्रदात याने ख्रिस्ती धर्म हा राज्याचा धर्म केला आणि संत ग्रेगरीने लगेच एचमियाद्झिनचं कॅथेड्रल बांधायला घेतलं. अनेक इतिहासकार हे धर्मांतर ३१४च्या आसपासचं मानतात. दहा-बारा वर्षांच्या फरकाने पहिलेपणाच्या मानाला फारसा धक्का लागत नाही, त्यामुळे त्या वादात आपण पडायला नको. खरा घोळ पुढे आहे. आज एचमियाद्झिनला जी इमारत दिसते तिचा मूळ आराखडा ४८३च्या सुमाराचा, सरदार वाहान मामिकोनियानने केलेल्या पुनर्बांधणीचा. लाकडी घुमट काढून दगडी घुमट आला तो सातव्या शतकात. दारासमोरचा नक्षीदार घंटामनोरा १६५४ साली सुरू झालेला. उरलेल्या बाजूंवरचे छोटे मनोरे अठराव्या शतकातले, आतली चित्रं होव्हनातानियान घराण्याच्या चित्रकारांची. अगदी अलीकडे, २०१८ ते २०२४, कॅथेड्रल दुरुस्तीसाठी बंदच होतं. इतकंच काय, पाचव्या शतकाच्या अखेरीस धर्मप्रमुखाचं, म्हणजे कॅथॉलिकॉसचं, पीठसुद्धा इथून हललं आणि ठिकठिकाणी फिरून १४४१ साली परत आलं. म्हणजे ‘सतराशे वर्षांचं चर्च’ हे वाक्य खोटं नसलं, तरी सहल याच इमारतीपासून सुरू केली तर पाहणारा गोंधळतो. समोरचा कुठला दगड चौथ्या शतकातला आणि कुठला सतराव्या, हे त्याला ओळखता येत नाही. मग तो सगळ्यालाच प्राचीन म्हणतो आणि फोटो काढून बाहेर पडतो.

झ्वार्तनोत्सला अशी फसगत होत नाही, कारण तिथे सगळं उघडं पडलेलं आहे. मोकळ्या मैदानात पायऱ्यांचा गोल चौथरा, त्यावर पुन्हा उभे केलेले काही खांब आणि कमानी, आसपास रांगेने मांडलेले कोरीव दगड, आणि हवा स्वच्छ असेल तर दक्षिणेला अरारात पर्वत. गाइड इथे अरारातकडे बोट दाखवतो. त्याच वेळी पायाशी पडलेल्या तुटक्या भिंतीकडे पाहिलं तर दिवसभराचा अभ्यास तिथल्या तिथे होतो. भिंतीचा छेद दिसतो: दोन्ही बाजूंना बोटभर फटही न ठेवता बसवलेल्या घडीव चिऱ्यांचा पातळ थर, आणि मध्ये चुन्यात कालवलेलं डबर. आपल्या हेमाडपंती देवळांत चुना न वापरता दगडावर दगड बसवतात. तिथली ताकद दगडाच्या वजनात आणि खाचांत असते. आर्मेनियात गणित उलटं आहे. भार पेलतो तो मधला चुन्याचा गाभा. बाहेरचे सुबक चिरे आधी थराथराने रचायचे आणि त्यांच्या मधल्या पोकळीत डबर-चुना ओतायचा. काँक्रीट ओतताना आपण सेंट्रिंगच्या फळ्या लावतो, तशा या दगडी फळ्या, फक्त त्या कधीच काढायच्या नाहीत. दगडही या कामाला सोयीचा. ज्वालामुखीची राख थिजून झालेल्या या खडकाला टफ म्हणतात. तो हलका असतो, खाणीतून काढल्यावर सहज घडवता येतो आणि गुलाबी, केशरी, काळपट अशा अनेक रंगांत मिळतो. हलक्या दगडाची, एकसंध गाभ्याची भिंत हादरा बसल्यावर सुटी सुटी होत नाही. चिरे गळून पडले तरी गाभा उभा राहतो, हे आर्मेनियातल्या कितीतरी पडक्या चर्चांत दिसतं.

मग झ्वार्तनोत्स पडलं कसं? भिंत तीच, दगड तोच, गवंडीही त्याच परंपरेतले. उत्तर आराखड्यात शोधावं लागतं. कॅथॉलिकॉस तिसरा नेर्सेस, ज्याला इतिहासाने ‘बांधकाम करणारा’ असंच टोपणनाव दिलं, त्याने ६४०च्या दशकात हे काम हाती घेतलं. काळ फार बिकट होता. अरब सैन्याने ६४० साली द्विन ही राजधानी लुटली होती, पश्चिमेला बायझंटाइन साम्राज्य दडपण आणत होतं आणि नेर्सेसचा कल बायझंटाइनांकडे होता. खांबांच्या माथ्यांवर त्याच्या नावाची ग्रीक मुद्राक्षरं कोरलेली आहेत. ती पाहिली की हे चर्च कोणाला दाखवण्यासाठी बांधलं असावं याचा अंदाज येतो. रचनाही तशीच दिमाखदार. बाहेरून जवळजवळ गोल, नेमकं सांगायचं तर ३२ बाजूंचं. आत चार पाकळ्यांचा आराखडा आणि त्याभोवती प्रदक्षिणेसारखी फिरणारी वाट. वेदीमागची पूर्वेकडची पाकळी भरीव भिंतीची. उरलेल्या तिन्ही पाकळ्यांना भिंतच नाही, प्रत्येकी सहा खांबांची कमानदार रांग. म्हणजे वरचा मजला आणि त्याच्यावरच्या घुमटाचा बाहेर ढकलणारा जोर चार जाडजूड स्तंभांवर आणि बाकी सडसडीत खांबांवर. सरळ खाली येणारं वजन खांब उत्तम पेलतो. जमीन आडवी हलली की मात्र त्याला कुणी धरून ठेवणारं नसतं. दहाव्या शतकाच्या अखेरीस हे चर्च भग्न झालेलं होतं, असं स्तेपानोस तारोनेत्सी या त्या काळच्या इतिहासकाराच्या लिखाणावरून कळतं. पडण्याचं कारण बहुतेक अभ्यासक भूकंप हेच मानतात.

इथे पहिला आक्षेप येतो, आणि तो रास्त आहे. जे चर्च हजार वर्षांपूर्वी कोसळलं, त्याची उंची, मजले, घुमट यांविषयी इतक्या खात्रीने कसं बोलायचं? तळमजल्याचा आराखडा जमिनीवरच आहे, त्याबद्दल वाद नाही. वरच्या भागाचं चित्र मात्र तर्काने काढलेलं आहे. १९००च्या सुमारास खाचिक दादियानने इथे उत्खनन सुरू केलं आणि वास्तुतज्ज्ञ तोरोस तोरामानियानने सापडलेल्या दगडांवरून तीन टप्प्यांत निमुळती होत जाणारी, सुमारे ४५ मीटर उंचीची इमारत कल्पिली. सातव्या शतकात असलं काही शक्य नव्हतं, असं म्हणणारे पुष्कळ होते. पण आनी या जुन्या राजधानीत राजा गागिकने इसवी सन १००१च्या सुमारास झ्वार्तनोत्सवरून एक चर्च बांधवलं होतं, आणि तिथल्या उत्खननात १९०६ साली गागिकचा पुतळा सापडला. त्याच्या हातात चर्चची प्रतिकृती होती, गोल आणि टप्प्याटप्प्यांची. पुढे पहिल्या महायुद्धाच्या धामधुमीत तो पुतळा गहाळ झाला. अभ्यासाला उरले ते फोटो. नंतरच्या काही अभ्यासकांनी वेगळे आराखडे सुचवले आहेत, त्यामुळे संग्रहालयातली प्रतिकृती हा शेवटचा शब्द समजू नये. पण माझ्या मुद्द्याला त्या उंचीची गरजच नाही. घुमटाचा भार खांबांच्या रांगांवर टाकला होता, एवढं जमिनीवरून सिद्ध होतं. शिवाय आनीच्या त्या नकलेचं काय झालं? ती बांधली त्रदात या वास्तुशिल्पीने, असं मानलं जातं. ९८९च्या भूकंपानंतर कॉन्स्टँटिनोपलच्या हागिया सोफियाचा कोसळलेला घुमट दुरुस्त करणारा तो हाच त्रदात. त्या काळात यापेक्षा जाणता हात मिळणं कठीण होतं. तरीही आनीचं हे गोल चर्च बांधल्यानंतर लवकरच कोसळलं. एक आराखडा दोनदा उभा राहिला आणि दोनदा पडला.

(जाता जाता: झ्वार्तनोत्सच्या आवारात एक उभी शिळा आहे, तिच्यावरून नजर सहज घसरते. ती चर्चची नव्हेच. चर्चच्या हजारापेक्षा जास्त वर्षं आधीच्या उरार्तू राज्यातला राजा दुसरा रुसा याने इथे कालवा आणल्याची नोंद तिच्यावर कीलाक्षरांत आहे. आणि येरेवानच्या विमानतळाला नाव आहे ते याच कोसळलेल्या चर्चचं.)

एवढं डोक्यात घेऊन मग ह्रिप्सिमेला जावं. अंतर काही किलोमीटरचं, आणि काळाचं अंतरही फार नाही: हे चर्च कॅथॉलिकॉस कोमितासने ६१८ साली पुरं केलं, त्याचा शिलालेख अजून तिथे आहे. ह्रिप्सिमे ही रोमहून पळून आलेली तरुण जोगीण. राजा त्रदातची मागणी तिने धुडकावली म्हणून तिला हाल करून मारलं, अशी कथा, आणि तिची कबर चर्चच्या तळघरात दाखवतात. कथा गाइड रंगवून सांगेल. आपण मान वर करून कोपऱ्यांकडे पाहायचं. मधल्या चौकोनाच्या चारही बाजूंना चार अर्धगोल कोनाडे आहेत, झ्वार्तनोत्ससारख्याच चार पाकळ्या, पण इथे प्रत्येक पाकळी भरीव भिंतीची. दोन पाकळ्यांच्या मधल्या प्रत्येक कोपऱ्यात आणखी एक उभा, नळीसारखा खोलगट कोनाडा, वर्तुळाचा पाऊण भाग भरेल एवढा. त्यामुळे चौकोनाचे चार कोपरे नाहीसे होतात आणि घुमटाखाली आठ टेकू तयार होतात. आठांवरून वर छोट्या कमानींनी अंतर आणखी तोडत तोडत घुमटाच्या मानेचं वर्तुळ गाठलेलं आहे. चौकोनावर गोल बसवण्याचं कोडं इथे एकदम उडी मारून सोडवलेलं नाही, पायरी पायरीने सोडवलेलं आहे. कोपऱ्यातल्या त्या खोलगट कोनाड्यांतून चार छोट्या खोल्यांत जाता येतं. या खोल्या म्हणजे कोपरे आवळून धरणाऱ्या चार जड पेट्याच. घुमटाचा बाहेर ढकलणारा जोर कोणत्याही दिशेने आला तरी पलीकडे भरीव काहीतरी उभं आहेच.

बाहेर आल्यावर यातलं काहीच दिसत नाही. समोर साधा, जवळजवळ कोरा चौकोनी ठोकळा आणि वर १६ बाजूंची बुटकी, दणकट मान. पण बाहेरच्या भिंतींत वरपासून खालपर्यंत गेलेल्या खोल त्रिकोणी खाचा आहेत. पहिल्यांदा पाहणाऱ्याला ती नुसती सजावट वाटते. उन्हात त्यांची काळी सावली पडते आणि कोऱ्या भिंतीला उठाव येतो, हे खरंच. पण त्या खाचा बरोबर तिथे आहेत जिथे आत पाकळीचा गोलावा आणि कोपऱ्यातली खोली यांच्यामध्ये भिंतीचा निरुपयोगी जाड त्रिकोण उरला असता. तेवढं वजन पाथरवटाने बाहेरून कापून टाकलं. असाच आराखडा जॉर्जियात म्त्सखेताच्या ज्वारी चर्चचा आहे, आणि आधी कोणी केला यावरून दोन्ही देशांचे अभ्यासक दीर्घकाळ भांडत आले आहेत. त्या भांडणात गाइडची बाजू कुठली असणार हे सांगायला नको.

दुसरा आक्षेप जास्त धारदार आहे. जे टिकलं त्याच्याकडे बोट दाखवून ‘बघा, हे भूकंपाला पुरून उरणारं तंत्र’ असं म्हणणं सोपं असतं. त्याच तंत्राने बांधलेली आणि पडून नाहीशी झालेली चर्चं मोजायला आपल्यासमोर नसतात. शिवाय ह्रिप्सिमेची डागडुजी सतराव्या शतकात झालेली आहे, म्हणजे टिकण्याचं सगळं श्रेय आराखड्याला देता येत नाही. हे दोन्ही मान्य. आनीच्या प्रसिद्ध कॅथेड्रलचा घुमट १३१९च्या भूकंपात पडला, आणि ते काही झ्वार्तनोत्ससारखं गोल नव्हतं. १६७९च्या भूकंपाने गार्नीचं ख्रिस्ती धर्माआधीच्या काळातलं देऊळ भुईसपाट केलं, १९८८च्या स्पिताकच्या भूकंपात सुमारे २५ हजार माणसं गेली. या भूमीत ‘भूकंपरोधक’ हा शब्द कुठल्याच इमारतीला लावू नये. पण वाघार्शापातच्या परिसराला एक वेगळं मोल आहे. इथे तुलना दूरदूरच्या इमारतींची नाही. साधारण चाळीस वर्षांच्या आत, एकाच परिसरात, त्याच टफने आणि त्याच चुन्याने, जवळजवळच्या काळातल्या धर्मप्रमुखांनी बांधलेल्या या इमारती आहेत. पुढची तेराशे-चौदाशे वर्षं भूकंप त्यांच्या वाट्याला सारखेच आले. बाकी सगळं जवळपास समान असताना बदलला तो आराखडा. यावरून सिद्धान्त मांडता येणार नाही, पण पाहणाऱ्याने काय शोधावं हे नक्की कळतं. आणि डागडुजीचं म्हणाल तर दुरुस्ती त्याच इमारतीची होते जिचा गाभा शाबूत असतो. झ्वार्तनोत्सची दुरुस्ती करायला कोणी गेलं नाही, ते नवं बांधायला आनीला गेले.

गायानेच्या चर्चला थोडाच वेळ पुरतो. ६३० साली कॅथॉलिकॉस एझरने बांधलेलं हे चर्च लांबट आहे. मध्ये चार सुटे खांब, त्यांवर आठ बाजूंची घुमटाची मान. खांब इथेही आहेत, हे लक्षात ठेवावं, नाहीतर ‘खांब म्हणजे धोका’ असा भलताच निष्कर्ष निघायचा. फरक असा की हे खांब कमानींनी चारी बाजूंच्या भरीव भिंतींना जखडलेले आहेत. पश्चिमेची तीन कमानींची देखणी ओसरी मात्र १६८३ची. ती मूळ चर्चला चिकटवलेली आहे, हे तोपर्यंत तुमच्या तुम्हालाच ओळखता येईल.

आणि मग एचमियाद्झिन. सुरुवातीला ज्या इमारतीने गोंधळात टाकलं असतं ती आता थरांमध्ये सुटी होऊ लागते. चार पाकळ्या, चार सुटे खांब, मध्ये घुमट: हे जुनं. नक्षी, मनोरे, रंग: हे नंतरचं. १९५०च्या दशकात अलेक्सांद्र साहिनियानने केलेल्या उत्खननात आणखी जुन्या इमारतीच्या पायाचे अवशेष सापडले आणि वेदीखाली अग्निवेदीसारखी रचना मिळाली. ख्रिस्ती धर्माआधीच्या देवस्थानाच्या जागीच चर्च उभं राहिलं, या परंपरेला त्यातून दुजोरा मिळतो, तरी पहिल्या चर्चचा आकार नेमका कसा होता यावर एकमत नाही. एचमियाद्झिनचे दगड एकदा प्रवासालाही गेले. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला इराणच्या शाह अब्बासने जुल्फा गावचे आर्मेनियन व्यापारी उचलून इस्फहानजवळ वसवले, आणि त्यांनी तिथेच रमावं म्हणून या कॅथेड्रलमधले काही दगड तिकडे नेले. त्याच नव्या जुल्फाचे व्यापारी पुढे सुरत, मद्रास, कलकत्ता असे पसरले. मुंबईच्या फोर्टात मेडोज स्ट्रीटवर, म्हणजे आजच्या नगीनदास मास्टर रोडवर, १७९६चं आर्मेनियन चर्च आहे ते याच प्रवाहातलं. पैसा उलट दिशेनेही गेला: १७७१ साली एचमियाद्झिनला आर्मेनियाच्या भूमीवरचा पहिला छापखाना निघाला तो मद्रासच्या एका आर्मेनियन व्यापाऱ्याच्या मदतीने. इमारत टिकायला कमानींचं गणित लागतं तसा जगभर विखुरलेला, पैसे पाठवणारा समाजही लागतो. झ्वार्तनोत्सला तो मिळाला नाही. एचमियाद्झिनला प्रत्येक वेळी मिळाला.

शेवटचा आक्षेप श्रद्धेच्या बाजूने येतो. ही चर्चं म्हणजे बांधकामाचे नमुने नव्हेत, तिथे आजही प्रार्थना होते, लग्नं लागतात, मेणबत्त्या लावल्या जातात; त्यांना भिंतींचे छेद आणि घुमटाचा जोर यांवरून वाचणं हा कोरडेपणा आहे. हे मला अर्धंच पटतं. सोहळा पाहायचा तर रविवारी सकाळी जावं आणि मग गाइडची बडबड बंद ठेवावी, हे खरं. पण संताच्या कबरीवर घुमट उभा करणाऱ्यांना तो पडू नये याचीच सर्वांत जास्त चिंता होती, आणि ती चिंता त्यांनी कुठल्या ग्रंथात लिहिली नाही, कोपऱ्याच्या कोनाड्यात लिहिली. तिच्याकडे पाहणं म्हणजे त्यांच्या श्रद्धेचा अनादर नव्हे. अर्ध्या दिवसात वरवरचं पाहून होतं, ही तक्रारही नेहमी ऐकू येते. चार ठिकाणं, चार वेगळ्या अवस्था आणि एकच प्रश्न एवढ्यापुरता अर्धा दिवस भरपूर आहे. डोंगर पोखरून केलेलं गेघार्द किंवा उत्तरेचे हाघपात आणि सानाहिन हे मठ त्याच सकाळीत कोंबले तर मात्र नाही. त्यांना दुसरा दिवस द्यावा.

तेव्हा येरेवानमध्ये सहल ठरवताना हॉटेलच्या दर्जाविषयी किंवा जेवणाविषयी घासाघीस जरूर करा, पण एक अट आधी घाला: सकाळी पहिला थांबा झ्वार्तनोत्सला, किमान तासभर, आणि एचमियाद्झिन सर्वांत शेवटी. गाइडला हे विचित्र वाटेल, ड्रायव्हरला वाटणार नाही. त्याच्या रस्त्यावर झ्वार्तनोत्स आधीच लागतं.